पेडर रोडवरची कांचनजंगा: साधा जुना टॉवर वाटतो, मग शिकवतात कशाला?

प्रश्न थोडक्यात असा आहे. मुलगी आर्किटेक्चरच्या दुसऱ्या वर्षाला आहे, तिला केस स्टडीला कांचनजंगा अपार्टमेंट्स मिळालीये. आईवडिलांनी पेडर रोडवरून गाडीतून बघितली तर त्यांना एक जुना पांढरा टॉवर आणि त्याला कोपऱ्यात चौकोनी भोकं एवढंच दिसलं, मग यात असं काय आहे की देशोदेशी शिकवतात, आणि एवढीच भारी असेल तर तशा आणखी बिल्डिंगा मुंबईत का झाल्या नाहीत?

दोन्ही प्रश्न रास्त आहेत. गाडीतून बघून ही बिल्डिंग कळणारच नाही, कारण तिची सगळी अक्कल सेक्शनमध्ये आहे. सेक्शन म्हणजे बिल्डिंग उभी कापली तर आत जे दिसेल ते. एलिव्हेशनला, म्हणजे बाहेरच्या दर्शनी भागाला, तिचे आर्किटेक्ट चार्ल्स कोरियांनी फारसं काही केलेलंच नाहीये, सपाट भिंती आणि त्यात कोरलेले कोपरे, बस्स. मुलीला पहिल्यांदा हे सांगा की एलिव्हेशनचे फोटो जमवत बसू नको, सेक्शन काढायला घे.

आधी आकडे, कारण नेटवर बरंच उलटसुलट लिहिलेलं असतं. डिझाइनची सुरुवात 1970, बिल्डिंग पूर्ण झाली 1983 मध्ये. प्लॅन 21 बाय 21 मीटरचा चौरस, उंची 84 मीटर, म्हणजे रुंदीच्या बरोबर चौपट. काही ठिकाणी 32 मजले लिहिलेले दिसतील, पण 32 हा फ्लॅट्सचा आकडा आहे, मजले 28 धरा, 84 भागिले 28 केलं की मजल्याला 3 मीटर येतात आणि हिशोब जुळतो. फ्लॅटचे प्रकार चार, 3 बेडरूमपासून 6 बेडरूमपर्यंत. आता साधं गणित करा, एका मजल्यावर दोन फ्लॅट म्हटले तरी 28 मजल्यांत 56 व्हायला हवे होते, आहेत फक्त 32. पार्किंग, लॉबी वगैरे सोडलं तरी एवढा फरक का पडतो? कारण इथे एक फ्लॅट एका मजल्यावर राहतच नाही. लहान फ्लॅट दीड मजल्याचे, मोठे अडीच मजल्यांचे, आणि दोन्ही एकमेकांत बोटं गुंतवावीत तसे गुंतलेले. केस स्टडी इथूनच सुरू होते.

हे कशासाठी केलं ते बघू. मुंबईत वारा मुख्यतः पश्चिमेकडून, समुद्रावरून येतो, रात्री थोडा उलटा जमिनीकडून. व्ह्यूसुद्धा त्याच दोन बाजूंना, कंबाला हिलवरून पश्चिमेला अरबी समुद्र आणि पूर्वेला बंदर. म्हणजे घर पूर्व-पश्चिम आरपार असलं तर वारा पण मिळतो आणि नजारा पण, यात काही वाद नाही. पण दुपारचं ऊन पश्चिमेचंच, आणि जून ते सप्टेंबर पाऊस झोडपतो तोही त्याच बाजूने. मुंबईचा पाऊस वर्षाला 2000 मिलिमीटरच्या वर, आणि विसाव्या मजल्यावर तो वरून पडत नाही, आडवा येतो, कधीकधी तर भिंतीला आपटून वर चढतो, जे उंचावर राहतात त्यांना विचारा. म्हणजे जी बाजू उघडी हवी तीच बाजू झाकायलाही हवी.

जुन्या बंगल्यांनी हा पेच कधीच सोडवला होता, खोल्यांच्या भोवती व्हरांडा फिरवून. कोकणातल्या घराची पडवी तेच काम करते, ऊनपाऊस तिथे अडतो आणि आतली खोली कोरडी आणि गार राहते. कोरियांनी हा विचार टॉवरमध्ये आधी एकदा करून बघितला होता, नेपियन सी रोडवरच्या सोनमर्ग अपार्टमेंट्समध्ये, 1961 ते 66. तिथे व्हरांडे, स्टडी, बाथरूम यांचा एक पट्टा राहत्या खोल्यांच्या बाहेरून लावला, म्हणजे ऊन-पावसाचा मार या पट्ट्याने खायचा. आयडिया चांगलीच, पण सोनमर्गमध्ये व्हरांडा व्हरांडाच राहिला, चिंचोळा. कांचनजंगात त्याची दोन मजली उंचीची बाग झाली, तीसुद्धा कोपऱ्यात, म्हणजे दोन बाजूंनी उघडी.

आता इथे जरा थांबून हिशोब करू या, कारण ज्युरीला, म्हणजे परीक्षकांपुढे काम मांडताना, मुलं नुसतं 'क्लायमेट रिस्पॉन्सिव्ह' (हवामानाला धरून केलेली) म्हणून मोकळी होतात आणि एकानेही सूर्याचा कोन काढलेला नसतो. मार्चच्या विषुवदिनाला मुंबईत दुपारी साडेतीनच्या सुमारास सूर्य क्षितिजापासून साधारण 45 अंशांवर असतो, पाच वाजता साधारण 25 अंशांवर. समजा टेरेस 6 मीटर खोल आणि छत 3 मीटर उंचीवर, म्हणजे एकाच मजल्याची. पाच वाजता 6 मीटर गुणिले 25 अंशांचा टॅन, जवळपास 2.8 मीटर, म्हणजे छताची सावली मागच्या भिंतीवर जवळजवळ जमिनीपर्यंत येते, ऊन आत शिरतच नाही. आता तीच टेरेस दुप्पट उंचीची करा, 6 मीटर. मग साडेतीन वाजल्यापासूनच ऊन मागच्या भिंतीच्या पायथ्याला लागायला सुरुवात होणार आणि पाचला अर्धी भिंत उन्हात. म्हणजे नुसत्या उन्हाच्या हिशोबाने डबल हाइट हा तोट्याचा सौदा आहे! हे पुस्तकात कुणी सांगत नाही. पण नुसत्या उन्हासाठी ती केलेलीच नाहीये. 3 मीटर उंचीच्या आणि 6 मीटर खोल पोकळीत झाड जगत नाही, प्रकाश मागपर्यंत पोचत नाही, हवा कोंडते, आणि वरच्या अर्ध्या लेव्हलवरच्या खोलीला खाली बागेत बघता येत नाही. उंची वाढवली की या गोष्टी मिळतात आणि जे थोडं जास्तीचं ऊन येतं ते झाडं खातात, काही टेरेसच्या खोलीत विरतं. आणि याच उन्हासमोर पातळ छज्जा आणि काच ठेवली असती तर दुपारभर दिवाणखाना भाजून निघाला असता. तडजोड आहे, पण डोळसपणे केलेली. मुलीने हा एक सनपाथ, म्हणजे सूर्याच्या मार्गाचा आराखडा, शीटवर काढला तरी अर्धी ज्युरी गप्प बसेल.

दुसरी गोष्ट लेव्हलची. घरात चार पायऱ्या वर, चार पायऱ्या खाली, हे बघून लोकांना वाटतं श्रीमंतांची हौस. हौस असेलही थोडी. पण टेरेसवर माती भरायची म्हणजे तिची जाडी कुठेतरी जिरवायला लागते. बाहेर मातीने भरलेली टेरेस आणि आत उचलून घेतलेली राहती जागा, हा फरक त्या लेव्हलनी सांभाळलाय. ज्याने मुंबईत एक तरी टेरेस गार्डन केलंय त्याला याचं महत्त्व लगेच कळेल. आपल्याकडे टेरेसला वॉटरप्रूफिंग म्हणजे ब्रिकबॅट कोबा, स्लॅबवर विटांचे तुकडे मसाल्यात उभे लावायचे, उतार काढायचा, वरून घोटायचं, पॅराफिटला कडेने गोल वाटा करायचा की पाणी कोपऱ्यात मुरणार नाही, मग पाणी भरून आठवडाभर ठेवायचं आणि खालच्या मजल्यावर छताला डाग येतोय का बघायचं. एवढ्यातच पाच-सहा इंच जातात. त्यावर माती एक-दीड फूट. आतली फरशी आणि बाहेरचा स्लॅब एकाच लेव्हलला असेल तर माती घराच्या उंबऱ्याच्या वर जाते आणि पहिल्याच पावसात पाणी हॉलमध्ये. उपनगरातल्या एका सोसायटीचं मी बघितलंय, ब्रोशरमध्ये 'स्काय गार्डन' होतं म्हणून स्लॅब तसाच सपाट ठेवून नंतर माती टाकली होती, दोन पावसाळ्यांत खालच्या फ्लॅटचं पीओपी उतरलं आणि शेवटी सगळी माती गोणपाटात भरून लिफ्टने खाली. त्यामुळे कांचनजंगाचा सेक्शन काढताना टेरेसच्या जागी माती पण दाखवायला सांगा, नुसती जाड रेघ नको.

मातीचं वजन हा वेगळाच विषय. भिजलेली माती घनमीटरला पावणेदोन ते दोन टन भरते, म्हणजे दीड फूट मातीचे चौरस मीटरला 800-900 किलो होतात. राहत्या खोलीचा स्लॅब आपण कोडप्रमाणे चौरस मीटरला 200 किलो लाइव्ह लोडला, म्हणजे माणसं-सामानाच्या वजनाला, डिझाइन करतो. आणि इथे हे वजन बिल्डिंगच्या कोपऱ्यात, जिथे खाली कॉलमच नाही! कोपरे कोरून काढलेत ना, मग कॉलम कुठे देणार. टेरेस कॅन्टिलिव्हर आहेत, म्हणजे एकाच बाजूने धरलेल्या, 6.3 मीटर बाहेर आलेल्या. 6.3 मीटर म्हणजे साधी बाल्कनी नाही, अख्खी खोली हवेत.

हे जमलं ते इंजिनिअर शिरीष पटेल यांच्यामुळे. नेहमीच्या टॉवरमध्ये बाहेरच्या कडेचे आणि कोपऱ्यांचे कॉलम वाऱ्याचा आणि भूकंपाचा आडवा जोर घ्यायला मदत करतात. इथे कोपरेच गेल्यामुळे तो भार मुख्यतः मधल्या कोअरवर, म्हणजे लिफ्टच्या आरसीसी भिंतींच्या खोक्यावर टाकला, जोडीला कडेच्या शिअर वॉल, म्हणजे आडवा जोर घेणाऱ्या काँक्रीटच्या भिंती. तो कोअर स्लिप फॉर्मने चढवला. नेहमीचं सेंटरिंग असतं तसं एक मजला बांधा, भरा, घट्ट होऊ द्या, सोडा, पुन्हा बांधा असं इथे नसतं. शटरिंग एकदाच बांधतात, ते जॅकवर हळूहळू वर सरकत राहतं, तासाला काही इंच, आणि काँक्रीट दिवसरात्र सतत ओतत राहायचं. खालचं काँक्रीट स्वतःच्या पायावर उभं राहण्याइतकं सेट झालेलं असलं पाहिजे आणि वरचं अजून ओलं, हे टायमिंग चुकलं की एकतर शटर चिकटून काँक्रीट फाटतं नाहीतर खालून ढासळतं. ओळंबा सतत बघत राहायला लागतो कारण एकदा पीळ बसला की परत सरळ करणं महाकठीण. त्या काळात निवासी टॉवरसाठी मुंबईत असं काम करणं म्हणजे धाडसच होतं. कोअर मूळ बिल्डिंगच्या पुढे वर जायचा आणि बाकीचं त्याला धरून मागून यायचं.

शिरीष पटेलांचं दुसरं काम तुम्ही त्याच रस्त्यावर कितीदा तरी वापरलंय, केम्प्स कॉर्नरचा फ्लायओव्हर, 1965 चा, तो त्यांनीच डिझाइन केला. पेडर रोड म्हटलं की आपल्याला प्रभुकुंज आठवतं, इंजिनिअर लोकांना हा पूल आठवतो.

तिसरं नाव जे बहुतेक शीटवर राहून जातं ते प्रवीणा मेहता. कांचनजंगाच्या डिझाइनमध्ये त्यांचा वाटा आहे, मुलीने क्रेडिटमध्ये नाव जरूर लिहावं. आणि मजा बघा, कोरिया, मेहता आणि पटेल, याच तिघांनी 1964-65 च्या सुमारास सरकारपुढे मांडलं होतं की मुंबई बेट आणखी भरत बसू नका, खाडीपलीकडे नवं शहर काढा. त्यातून पुढे नवी मुंबई झाली, ती वसवणारी सरकारी संस्था सिडको 1970 ची, आणि कोरिया सिडकोचे सुरुवातीचे चीफ आर्किटेक्ट. म्हणजे ज्या वर्षी खाडीपलीकडे गर्दी हलवायची संस्था निघाली त्याच वर्षी दक्षिण मुंबईत 32 श्रीमंत कुटुंबांसाठी टॉवरचं ड्रॉइंग सुरू झालं. यावर टीका होते आणि ती अगदीच चुकीची नाही. पण कोरियांनी टॉवर हे सगळ्यांच्या घरांचं उत्तर आहे असं म्हटलंच नव्हतं, उलट बुटकी पण दाट वस्ती स्वस्त पडते, माणसाला ती हळूहळू वाढवता येते, आणि उघड्या आकाशाखालची जागा आपल्या हवेत वर्षातले कितीतरी महिने खोलीसारखीच वापरता येते, हे ते आयुष्यभर सांगत राहिले. बेलापूरचं आर्टिस्ट्स व्हिलेज बघा, 1983 ते 86, कांचनजंगा संपली आणि ते सुरू झालं. सात घरं 8 बाय 8 मीटरच्या अंगणाभोवती, असे तीन गट मिळून 12 बाय 12 चं मोठं अंगण, घराला घराची भिंत लागलेली नाही म्हणजे ज्याला हवं त्याने आपलं वाढवावं, आणि लोकांनी इतकं वाढवलंय की मूळ घर आता शोधायला लागतं. मला विचाराल तर कोरियांचं जास्त मोठं काम ते. कांचनजंगामध्ये पैसा होता, हुशारीला वाव होता, बेलापूरला दोन्हीची टंचाई होती आणि तरी केलं.

परदेशी मुळं पण सांगतो, ज्युरीत कुणीतरी विचारेलच. कोरिया मिशिगन आणि एमआयटीमध्ये शिकले, 1958 पासून मुंबईत प्रॅक्टिस. फ्लॅट एकमेकांत गुंतवायची युक्ती त्यांच्या आधी ल कॉर्बुझिएने मार्सेयच्या युनिते द'अबितासियोंमध्ये केली होती, 1952 ला पूर्ण झालं, 337 घरं, तीसुद्धा पूर्व-पश्चिम आरपार आणि डबल हाइट दिवाणखान्याची. फरक असा की तिथे दर तिसऱ्या मजल्यावर एक लांबलचक अंधारा कॉरिडॉर आहे आणि बाल्कनी त्यामानाने उथळ, भूमध्य समुद्राच्या हवेला ती पुरते. मुंबईला पुरली नसती. इथे कॉरिडॉर नाहीच, मधे कोअर आणि बाजूला घरं. मोशे साफदीचं माँट्रियलचं हॅबिटॅट 67 पण लोक जोडतात, तिथे प्रत्येकाला बाग मिळते ते खरं, पण ते खोकी रचून केलंय आणि हे एका भरीव चौरसातून काढून टाकून. माझ्या मते ती तुलना फार ताणू नये.

आता दुसरा प्रश्न, तशा बिल्डिंगा पुढे का झाल्या नाहीत. सरळ उत्तर एफएसआय, म्हणजे प्लॉटच्या मापाच्या किती पट बांधता येईल ती मर्यादा. आपल्याकडे घर चौरस फुटांत विकतात, घनफळात नाही. डबल हाइट टेरेस म्हणजे जिथे स्लॅब घालून अजून एक बेडरूम विकता आली असती ती जागा मोकळी सोडणं. पूर्वीच्या नियमांत बाल्कनी, फ्लॉवर बेड वगैरेला एफएसआयमधून सूट असायची, मग बिल्डर फ्लॉवर बेड काढायचे आणि पझेशननंतर खिडकी बाहेर सरकवून ते खोलीत घ्यायचे, मुंबईत अशी झाडं नसलेली किती फ्लॉवर बेड असतील याची गणती नाही. हा खेळ बंद करायला जानेवारी 2012 मध्ये नियम बदलले, बाल्कनी, फ्लॉवर बेड सगळं एफएसआयमध्ये धरलं आणि भरपाई म्हणून निवासी बांधकामाला 35 टक्के फंजिबल, म्हणजे हवा तिथे वापरता येणारा जादा एफएसआय प्रीमियम भरून दिला. चोरी कमी झाली हे चांगलंच, पण खरी बाल्कनी सुद्धा महाग झाली. मजल्याची उंची मर्यादेपलीकडे गेली तर तिथेही जादा हिशोब लागतो. त्यात रेरा या घरखरेदीच्या कायद्यातल्या कार्पेट एरियाच्या, म्हणजे घराच्या आतल्या वापरायच्या जागेच्या, व्याख्येत बाल्कनी आणि उघडी टेरेस धरत नाहीत. म्हणजे ज्या जागेसाठी कांचनजंगाची अख्खी बिल्डिंग रचली ती जागा आज कागदावर घराच्या मापातच येत नाही. क्लायंटला सांगून बघा की साहेब 6 मीटर खोल टेरेस देऊ या, तो पहिला प्रश्न विचारेल 'कार्पेटमध्ये येते का?' आणि मीटिंग तिथेच संपते.

एसीने उरलंसुरलं केलं. पश्चिमेला काच लावा आणि एसीचं टनेज वाढवा, वीजबिल राहणारा भरणार आहे. जवळच अल्टामाउंट रोडवर 173 मीटरची अँटिलिया उभी आहे, ती 27 मजल्यांची, जवळपास तेवढ्याच मजल्यांना दुपटीहून जास्त उंची. म्हणजे पैसा असेल तर घनफळ आजही विकत घेता येतं, पण कांचनजंगात ते घनफळ ऊन, पाऊस आणि वारा यांच्या हिशोबाने खर्च झालं होतं, तो हिशोब नंतर फारसा कुणी मांडला नाही.

शेवटी मुलीच्या कामाचं. बिल्डिंग खाजगी आहे, वॉचमन आत सोडणार नाही आणि सोडावं अशी अपेक्षाही करू नये, लोक राहतात तिथे. रस्त्यावरून दुपारी चारनंतर एकदा बघा, पश्चिमेच्या कापांमध्ये ऊन कुठपर्यंत गेलंय ते खालून सुद्धा दिसतं. कोरियांची जागा आतून अनुभवायची असेल तर दादरचं पोर्तुगीज चर्च आहे, बेलापूर आहे, पुण्याला आयुका ही खगोलशास्त्राची संस्था आहे, परवानगी काढून जाता येतं. मॉडेल करताना पूर्ण 28 मजले करू नका, सगळे तेच करतात, पांढरा खोका आणि चार भोकं. एक दीड मजल्याचा आणि एक अडीच मजल्यांचा फ्लॅट घ्या, दोन वेगळ्या रंगांच्या माउंट बोर्डमध्ये, 1:50 ला, असे की हाताने एकमेकांतून ओढून काढता येतील आणि परत बसवता येतील. कोअर वेगळा, करडा. टेरेसमध्ये जाड कॉर्क भरा मातीच्या जागी, म्हणजे आतली फरशी का उचललीये ते न बोलता कळेल. बसत नसेल तर समजायचं सेक्शन चुकलाय, आणि पहिल्या वेळी तो बसणार नाहीच, तेव्हा बोर्ड जरा जास्तीचा आणून ठेवा.